अपरिचित इंग्रजी शब्दांचे उच्चार देवनागरीत कसे लिहावेत?

पंचवटीकर यांचा प्रश्न

नमस्कार. पंचवटीतील एका अभ्यासिकेची व्यवस्था मी पाहतो. स्पर्धा परीक्षांची तयारी करणारी मुले-मुली तेथे सकाळपासून रात्री उशिरापर्यंत बसलेली असतात आणि त्यांच्यासाठी दाराजवळच्या फळ्यावर रोज एक अपरिचित इंग्रजी शब्द, त्याचा अर्थ व देवनागरीत उच्चार लिहून ठेवण्याचे काम माझ्याकडे आले आहे. अर्थ लिहिताना फारसे अडत नाही, कारण चांगला कोश उघडला की अर्थ सापडतो आणि नेमका मराठी प्रतिशब्द नसला तरी एका वाक्यात तो उलगडून सांगता येतो. घोडे अडते ते उच्चारापाशी. कोशात उच्चार आंतरराष्ट्रीय ध्वनिलिपीत दिलेला असतो, ती लिपी मुलांना येत नाही, आणि तो देवनागरीत उतरवायला घेतला की एकच शब्द तीन-चार तऱ्हांनी लिहिता येईल असे वाटू लागते.

उदाहरणादाखल, एखाद्या गुणाचा मूर्तिमंत नमुना या अर्थाचा ई-पी-आय-टी-ओ-एम-ई हा शब्द घ्यावा. बहुतेक मुले तो ‘एपिटोम’ असा वाचतात. शेवटचा ‘ई’ उच्चारायचा आहे हे कोशावरून कळते, पण मग ‘इपिटमी’ लिहावे, ‘इपिटोमी’ लिहावे की ‘एपिटोमी’?

दुसरी अडचण निवडीची आहे. ‘सेस्क्विपिडेलियन’ म्हणजे लांबलचक, किंवा लांबलचक शब्दांचा सोस असलेला. रोमन कवी होरेस याने दीड फूट लांबीच्या शब्दांची जी थट्टा केली, तिच्यावरून तो इंग्रजीत आला. ‘बॉर्बरिग्मस’ म्हणजे पोटातील गुडगुड. असे शब्द लिहिले की फळ्यापुढे गर्दी होते, पण ते पुन्हा कोठे भेटतील असे मला वाटत नाही. त्याऐवजी ज्या वस्तू किंवा क्रिया नाशिकच्या माणसाच्या रोजच्या नजरेसमोर आहेत, परंतु ज्यांचा इंग्रजी शब्द सहसा कोणी उच्चारत नाही, असे शब्द कोणी सुचवू शकेल काय? आणि कोशात दोन उच्चार दिलेले असतील, तर फळ्यावर कोणता लिहावा?

कॉलेज रोड (निवृत्त प्राध्यापिका) यांचे उत्तर

पंचवटीकर सर, ‘इपिटमी’ हेच लिहावे. मात्र अक्षरे तोडून, इ-पि-ट-मी असे लिहावे आणि ‘पि’ या अक्षराखाली रेघ ओढावी. या दोन्ही गोष्टींना कारण आहे.

इंग्रजी शब्दात एका अक्षरावर ठळक जोर पडतो आणि जोर नसलेले स्वर आक्रसतात. मराठीत आपण प्रत्येक स्वर त्याच्या त्याच्या मानाने पुरता उच्चारतो आणि आघात बदलल्याने अर्थ बदलत नाही, त्यामुळे हा जोर आपल्या कानांतून निसटतो. ‘फोटोग्राफ’मध्ये जोर पहिल्या अक्षरावर आहे, तोच शब्द ‘फटॉग्रफी’ झाला की जोर दुसऱ्यावर सरकतो आणि पहिला ‘फो’ चक्क ‘फ’ होतो, ‘फोटग्रॅफिक’मध्ये तो आणखी एक घर पुढे जातो. असा आक्रसलेला स्वर ध्वनिलिपीत उलट्या ‘ई’ने दाखवतात आणि तो आपल्या ‘अ’च्या अगदी जवळचा आहे. ध्वनिलिपीतले हे उलटे चिन्ह दिसले की तेथे बेधडक ‘अ’ लिहावा, स्पेलिंगमध्ये ‘ओ’ असो, ‘ए’ असो वा ‘यू’ असो. म्हणून ‘टो’ नव्हे, ‘ट’.

आता अक्षरे तोडण्याविषयी. मराठी वाचक शब्दाच्या शेवटचा आणि पुष्कळदा मधला ‘अ’ गाळून वाचतो. ‘मनमाड’ चार अक्षरी लिहितो, पण वाचतो दोनच उच्चारखंड. ही सवय इतकी मुरलेली आहे, की सि-नेक्-ड-की हा अलंकारशास्त्रातला शब्द सलग लिहिला तर वाचणारा ‘ड’मधला ‘अ’ खाऊन टाकणार. (अवयवाच्या नावाने सबंध वस्तूचा निर्देश, म्हणजे घरात माणसे किती हे सांगताना ‘खाणारी तोंडे’ म्हणतो तसे, हा त्याचा अर्थ.) आडव्या रेघेने अक्षरे वेगळी केली, की तो ‘अ’ वाचतो.

व्यंजनांच्या बाबतीत मराठीची रूढी पुष्कळ उपयोगाची आहे. ‘व्हॅन’ आणि ‘वॉच’ यांतील भेद आपण ‘व्ह’ आणि ‘व’ लिहून आधीपासूनच पाळतो, तो तसाच पाळावा. ‘ज’ आपल्याकडे दोन तऱ्हांनी उच्चारला जातो, ‘जीवन’मधला एक आणि ‘जहाज’मधला दुसरा, त्यामुळे इंग्रजी ‘झेड’च्या ध्वनीसाठी नेहमी ‘झ’ वापरावा आणि ‘ज’ फक्त ‘जीवन’मधल्या उच्चारासाठी राखून ठेवावा. मोजमाप या अर्थाच्या ‘मेझर’ शब्दातील मधला ध्वनी मात्र आपल्या वर्णमालेत नाही. तेथे ‘झ’वरच भागवावे लागेल आणि ‘श’ म्हणतानाची जीभ ठेवून घशातून आवाज काढा, असे तोंडी सांगावे लागेल.

एवढी झाली लेखनाची पद्धत. माझ्या मते उच्चाराचे खरे गमक मात्र शब्द इंग्रजीत कोठून आला यात आहे, आणि फळ्यावर अर्थाच्या आधी तेच एका ओळीत लिहावे. सी-एच ही जोडी पाहा. मूळच्या इंग्रजी शब्दात ती ‘च’, ग्रीकमधून आलेल्या शब्दात ‘क’ आणि फ्रेंचमधून त्या मानाने अलीकडे आलेल्या शब्दात ‘श’ उच्चारली जाते. खोल भेग किंवा दरी या अर्थाचा ‘कॅझम’ ग्रीक. सिंहाचे तोंड, बोकडाचे धड आणि सापाचे शेपूट असलेला कल्पित प्राणी, व त्यावरून आवाक्याबाहेरची कल्पना, म्हणजे ‘काय-मिअ-र’, तोही ग्रीक. उलट भोंदू या अर्थाचा ‘शार्-ल-टन’ आणि कायद्याच्या शब्दांचा कीस काढून केलेली लबाडी म्हणजे ‘शि-के-न-री’, हे दोन्ही फ्रेंचच्या वाटेने आले. याचे सर्वांत बोलके उदाहरण म्हणजे ‘मशीन’ आणि ‘मॅ-कि-ने-शन’ (कारस्थान) ही जोडी. दोहोंचे मूळ एकच ग्रीक शब्द आहे, पण पहिला फ्रेंचांच्या तोंडातून आला म्हणून त्याचा ‘श’ झाला आणि दुसऱ्याचा ‘क’ राहिला. अलीकडे काही जण दुसराही ‘श’ने उच्चारतात, हा भाग वेगळा.

शेवटच्या ‘ई’चेही तसेच आहे. ग्रीक शब्दात तो सहसा बोलतो: अतिशयोक्ती म्हणजे हाय-पर्-ब-ली, जोर ‘पर्’वर. फ्रेंच शब्दात तो मुका असतो: लपवून ठेवलेला साठा म्हणजे नुसते ‘कॅश’, रोकड या अर्थाच्या शब्दासारखेच. त्यामुळे ‘इपिटमी’ ग्रीक आहे एवढे कळले, की ‘एपिटोम’ म्हणण्याचा मोह आपोआप जातो.

आणखी एक नियम मुलांना लगेच उपयोगी पडेल. ‘लजी’, ‘ग्रफी’, ‘क्रसी’ यांनी संपणाऱ्या शब्दांत जोर या शेपटीच्या लगेच आधीच्या अक्षरावर पडतो. शिलालेखांचा अभ्यास म्हणजे इ-पि-ग्र-फी, जोर ‘पि’वर. पांडवलेण्यांतील सातवाहन आणि क्षत्रपांचे ब्राह्मी लेख ज्या शास्त्राने वाचले, त्याचे हे नाव असल्यामुळे आपल्या फळ्यावर त्याचा पहिला हक्क आहे. शब्दारंभीची मुकी अक्षरे पाठच करावी लागतात: स्मरणाला मदत करणारी क्लृप्ती ‘नि-मॉ-निक’, सूर्यघटिकेचा शंकू ‘नो-मन’, क्षयरोगाचे जुने नाव ‘थाय-सिस’.

गंगापूर रोड यांचे उत्तर

प्राध्यापिकाबाईंचे विवेचन उत्तम आहे, पण एवढा खटाटोप हवा कशाला? हल्ली प्रत्येक कोश मोबाइलवर शब्द बोलून दाखवतो. फळ्यावर फक्त शब्द आणि अर्थ लिहावा, उच्चार ज्याने त्याने ऐकावा. देवनागरीत लिहिलेला इंग्रजी उच्चार कितीही काळजीपूर्वक लिहिला तरी तो मराठी वळणाचाच वाचला जाणार.

पंचवटीकर

अभ्यासिकेत मोबाइल बाहेरच्या कप्प्यात ठेवूनच आत यावे लागते, हे एक कारण. दुसरे असे, की नुसते ऐकून मुले जे उच्चारतात ते पुन्हा त्यांच्या मनातल्या स्पेलिंगकडेच झुकते, कारण जोर कोणत्या अक्षरावर होता याकडे त्यांचे लक्ष गेलेले नसते. अक्षराखालची रेघ ते लक्ष वेधून घेईल असे मला वाटते. ऐकणे आणि वाचणे दोन्ही असावे.

निफाडकर (द्राक्ष बागायतदार) यांचे उत्तर

नजरेसमोरचे शब्द हवे असतील तर आमच्या बागेत या. ऑक्टोबर छाटणीनंतर घड निघतात, मणी धरतात, फुगतात, पण बराच काळ ते हिरवे, टणक आणि तोंड वाकडे करायला लावण्याइतके आंबट असतात. मग थोड्याच दिवसांत चित्र पालटते. मणी दोन बोटांत धरून दाबला तर दबतो, सालीला किंचित पारदर्शक झाक येते, शरद सीडलेससारखा काळा वाण असेल तर घडात एखाददुसरा मणी जांभळा दिसू लागतो, साखर चढते आणि आम्लता उतरू लागते. आम्ही याला ‘मण्यात पाणी उतरले’ म्हणतो. इंग्रजीत याच अवस्थेला फ्रेंचमधून घेतलेला शब्द आहे, त्याचे स्पेलिंग व्ही-ई-आर-ए-आय-एस-ओ-एन. सल्लागार मंडळी त्याचा उच्चार ‘व्हेरायझन’पासून ‘व्हेरीसन’पर्यंत वाटेल तसा करतात. इंग्रजी उच्चार व्ह-रे-झन, जोर ‘रे’वर, आणि हा ‘झ’ प्राध्यापिकाबाईंनी सांगितलेला वर्णमालेबाहेरचा ध्वनी आहे. पत्रकात ‘व्हरेझन’ छापले तर शेतकरी विचारात पडतो, ‘पाणी उतरण्याची अवस्था’ छापले तर पुढची फवारणी कोणती हे त्याला लगेच कळते, त्यामुळे फळ्यावर दोन्ही शेजारी-शेजारी लिहावेत.

फि-लॉक्-स-र हा दुसरा शब्द. द्राक्षाच्या मुळांवर जगणारी ही बारीक कीड अमेरिकेतून युरोपात पोहोचली आणि १८६० नंतरच्या दशकांत तिने फ्रान्समधील बागा उद्ध्वस्त केल्या. उपाय सापडला तो अमेरिकी जातीच्या खुंटावर युरोपी वाणाचे कलम करण्याचा. आपल्याकडे डॉगरिज जातीच्या खुंटावर थॉमसन हा वाण भरतात ते प्रामुख्याने क्षारयुक्त जमीन आणि पाण्याची टंचाई सोसावी म्हणून; कारण वेगळे, युक्ती तीच. शब्दाची फोड ग्रीक आहे: ‘फिलॉन’ म्हणजे पान, ‘झेरॉस’ म्हणजे कोरडे. येथे एक गंमत लक्षात घेण्यासारखी आहे. ‘एक्स’ हे अक्षर शब्दाच्या मध्ये आले तर सहसा ‘क्स’, पण सुरुवातीला आले तर ‘झ’ होते. म्हणून ‘फिलॉक्सर’मध्ये ‘क्स’, परंतु कोरड्या प्रदेशातील वनस्पतीला ‘झि-र-फाइट’ आणि वनस्पतीतील जलवाहिनीला ‘झाय-लम’.

मणी लांबवण्यासाठी आम्ही जे ‘जीए’ वापरतो, त्यातील ‘जी’ म्हणजे जि-ब-रे-लिक, जोर ‘रे’वर. भाताची रोपे अकारण उंच वाढून कोलमडतात, त्या रोगाचा अभ्यास करताना जपानी शास्त्रज्ञ एइची कुरोसावा यांनी १९२६ साली दाखवून दिले, की रोगाच्या बुरशीने सोडलेले द्रव्य ही वाढ घडवून आणते. पुढे बुरशीच्या नावावरून द्रव्याला ‘जिबरेलिन’ हे नाव पडले. औषधाच्या दुकानात ‘गिबरेलिक’ म्हणणारेही भेटतात. माल तोच मिळतो.

वाइनरीत काम शोधणाऱ्या मुलांसाठी आणखी दोन शब्द सांगून थांबतो. वाइननिर्मितीचे शास्त्र म्हणजे ई-नॉ-ल-जी. स्पेलिंगमध्ये आरंभी ‘ओ’ आणि ‘ई’ दोन्ही असतात, अमेरिकी लोक ‘ओ’ गाळतात, उच्चार दोन्हीकडे ‘ई’. जेवणासोबत कोणती वाइन घ्यावी हे सांगणारा जाणकार म्हणजे सॉ-मल्-ये. ‘सोमेलिअर’ म्हणू नये, शेवटचा ‘आर’ मुका आहे. हा शब्द मूळचा ओझ्याच्या जनावरांशी संबंधित आहे. ओझी वाहून नेणाऱ्या जनावरांचा हाक्या, मग सामानसुमानाच्या वाहतुकीचा अधिकारी, मग कोठारावरचा माणूस आणि शेवटी वाइनचा जाणकार अशी त्याची बढती होत गेली.

नाशिकरोडकर यांचे उत्तर

माझे आयुष्य छपाईच्या धंद्यात गेले, म्हणून माझ्या बाजूने थोडी भर घालतो. नाशिकरोडचे भारत प्रतिभूती मुद्रणालय १९२५ पासून आणि चलार्थ पत्र मुद्रणालय १९२८ पासून आहे, तरी तेथल्या मुख्य छपाईतंत्राचे नाव आपल्या मुलांना उच्चारता येत नाही. स्पेलिंग आय-एन-टी-ए-जी-एल-आय-ओ, वाचणारा ‘इन्टॅग्लिओ’ म्हणतो. शब्द इटालियन आहे आणि इटालियनमध्ये ‘जी-एल-आय’ या जोडीतला ‘जी’ बोलत नाही, म्हणून उच्चार इन्-टा-लि-ओ, जोर ‘टा’वर. अर्थ कोरीव, खोदलेले. धातूच्या पत्र्यावर चित्र खोदतात, शाई भरतात, पृष्ठभाग पुसून काढतात, तेव्हा शाई फक्त खाचांत उरते. मग प्रचंड दाबाखाली कागद खाचेत शिरून शाई उचलतो. त्यामुळे छापलेली रेघ कागदावर उंचावलेली राहते. शंभर रुपयांची किंवा त्याहून मोठी कोरी नोट घेऊन गांधीजींच्या चित्रावरून, अशोकस्तंभावरून किंवा कडेच्या तिरप्या रेघांवरून अंगठ्याचे टोक हलकेच फिरवले, की या शब्दाचा अर्थ हाताला लागतो. दृष्टिहीनांना नोट ओळखता यावी म्हणून केलेली खूणही याच छपाईची असते.

नोटेवर आणि मुद्रांकावर एकमेकींत गुंतलेल्या वक्र रेघांची जी जाळी असते, तिला गि-लॉश म्हणतात. फ्रेंच शब्द, म्हणून सी-एच म्हणजे ‘श’.

टपाल तिकिटे जमवण्याच्या छंदाचे नाव अनेकांना ठाऊक असते, पण उच्चार ‘फिलाटेली’ असा होतो. बरोबर उच्चार फि-लॅ-ट-ली, जोर ‘लॅ’वर. हा शब्द जॉर्ज एर्पाँ या फ्रेंच संग्राहकाने १८६४ मध्ये घडवला. ग्रीकमध्ये ‘फिलॉस’ म्हणजे प्रेम करणारा आणि ‘अतेलेइया’ म्हणजे करमाफी. तिकिटे येण्यापूर्वी पत्राचे पैसे पुष्कळदा पत्र घेणाऱ्याला मोजावे लागत; तिकीट लावलेले पत्र त्याला फुकट मिळू लागले, म्हणून तिकीट म्हणजे माफीची खूण. याच छंदातला ‘टेट-बेश’ हा शब्द म्हणजे एक सुलटे आणि एक उलटे अशी जोडून छापलेली दोन तिकिटे.

शेवटी कागदाविषयी. चोवीस तावांच्या दस्त्याला इंग्रजीत ‘क्वायर’ म्हणतात, हल्ली पाचशे तावांच्या रिमाच्या हिशेबात तो पंचवीस तावांचा धरतात. चर्चमधील गायकवृंदाचाही उच्चार हाच आहे, पण दोन्हींची स्पेलिंगे वेगळी आहेत आणि मुळेही वेगळी.

सिन्नरकर यांचे उत्तर

खनिजांचा उल्लेख कोणी केला नाही याचे आश्चर्य वाटते, कारण आमच्या सिन्नरला त्यांचे गारगोटी संग्रहालय आहे आणि शाळांच्या सहली तेथे येतात. नाशिकचा काळा पाषाण म्हणजे ‘बॅ-सॉल्ट’. ब्रिटिश उच्चारात जोर बहुधा पहिल्या अक्षरावर, अमेरिकी उच्चारात दुसऱ्यावर. लाव्हा थंड होताना त्यात वायूचे बुडबुडे अडकतात, त्या पोकळ्या पुढे खनिजांनी भरतात आणि दगड फोडला तर आत बदामासारखे पांढरे ठिपके दिसतात. अशा दगडाला अ-मिग्-ड-लॉय-डल म्हणतात, बदामाच्या ग्रीक नावावरून. मेंदूतील भीतीशी संबंधित भागाला ‘अ-मिग्-ड-ल’ म्हणतात तेही याच आकारामुळे. पोकळी मोठी असून तिच्या भिंतींना स्फटिक लागलेले असतील, तर तिला ‘व्हग’ म्हणतात. हा कॉर्नवॉलमधील खाणकामगारांचा शब्द आहे.

त्या पोकळ्यांत सापडतो तो झी-अ-लाइट. स्वीडनच्या क्रोनस्टेट यांनी १७५६ मध्ये हे नाव दिले, कारण खनिज तापवताच त्यातले पाणी उकळून बाहेर पडताना दिसले. ग्रीकमध्ये ‘झेइन’ म्हणजे उकळणे. त्याच्या जोडीने सापडणाऱ्या अ-पॉ-फि-लाइटचे तापवल्यावर पापुद्रे सुटतात, म्हणून त्याच्या नावातही निफाडकरांनी सांगितलेले ‘पान’ आहे. आणि ज्या ‘डेक्कन ट्रॅप’वर आपण सगळे राहतो, त्यातला ‘ट्रॅप’ म्हणजे सापळा नव्हे; स्वीडिश भाषेतील जिना या अर्थाचा तो शब्द आहे. अंजनेरीच्या किंवा ब्रह्मगिरीच्या कड्याकडे दुरून पाहिले, तर एकावर एक रचलेले थर पायऱ्यांसारखे दिसतात.

जिल्हा न्यायालयातून (वकील)

आमच्या बाजूचे दोनच शब्द सांगतो. उच्च न्यायालयात मुख्य न्यायमूर्तींखेरीज जे न्यायमूर्ती असतात, त्यांना इंग्रजीत पी-यू-आय-एस-एन-ई असे विशेषण लावतात. नवखे वकील ते ‘पुइझ्ने’, ‘प्विस्ने’ असे काहीही वाचतात. उच्चार ‘प्यू-नी’ असा आहे, क्षुल्लक या अर्थाच्या शब्दासारखा, आणि खरोखर तो शब्द याचाच फुटवा आहे. मूळ जुन्या फ्रेंचमध्ये ‘नंतर जन्मलेला’. दुसरा ‘इन्-डाइट’, म्हणजे दोषारोप ठेवणे. त्यातला ‘सी’ मुका आहे. हा ‘सी’ लॅटिन मूळ दिसावे म्हणून विद्वानांनी स्पेलिंगमध्ये मागाहून घुसवला, लोकांनी तो कधी उच्चारला नाही.

पंचवटीकर

सर्वांचा मनःपूर्वक आभारी आहे. पुष्कळ दिवसांची सोय झाली. एक शंका उरली आहे. पहिल्या पावसानंतर येणाऱ्या मृद्गंधाचा इंग्रजी शब्द मला पावसाच्या तोंडावर लिहायचा आहे. एका कोशात ‘पेट्रिकॉर’ आहे, दुसऱ्यात ‘पेट्रायकॉर’. दोन्ही कोश प्रतिष्ठित आहेत.

कॉलेज रोड

दोन्ही उच्चार ग्राह्य आहेत आणि दोहोंतही जोर ‘पे’वरच आहे, म्हणजे महत्त्वाच्या गोष्टीवर कोशांचे एकमत आहे. हा शब्द जुना नाही. इझाबेल बेअर आणि रिचर्ड थॉमस या ऑस्ट्रेलियात काम करणाऱ्या दोन शास्त्रज्ञांनी १९६४ मध्ये ‘नेचर’ या नियतकालिकातील लेखात तो प्रथम वापरला. कोरड्या दगड-मातीत मुरलेले तेलकट द्रव्य त्यांनी वेगळे काढले आणि त्याला नाव देताना ग्रीकमधील दगड आणि ग्रीक देवांच्या नसांतून वाहणारा द्रव यांची सांगड घातली. त्या द्रवाला इंग्रजीत ‘आय-कॉर’ म्हणतात. मूळ शब्दाचे नाते जपणारे ‘पेट्रायकॉर’ म्हणतात, जीभ सोयीने वळवणारे ‘पेट्रिकॉर’. मी दुसरा मोठ्या अक्षरांत लिहीन, कारण बहुतांश लोकांच्या तोंडी तोच ऐकू येतो, आणि पहिला त्याच्याखाली लहान अक्षरांत.

एरवी दोन उच्चारांत ब्रिटिश-अमेरिकी असा भेद असेल, तर ब्रिटिश वर ठेवावा. आपली न्यायालये आणि पाठ्यपुस्तके त्याच वळणाची आहेत, आणि आपण ‘लेफ्टनंट’ म्हणतो, ‘लूटेनंट’ नव्हे. एका बाबतीत मात्र ब्रिटिशांचे ऐकू नये. दक्षिण इंग्लंडच्या प्रमाण उच्चारात स्वरानंतरचा ‘र्’ गळतो. भारतीय इंग्रजीत तो स्पष्ट उच्चारला जातो आणि त्याने समजण्यात काहीही अडथळा येत नाही. तेव्हा ‘हाय-पर्-ब-ली’तला आणि ‘पे-ट्रि-कॉर’मधला ‘र’ फळ्यावरून पुसू नये.

निफाडकरांच्या ‘व्ह-रे-झन’मधल्या ‘झ’साठी खाली टिंब देण्याची सूचना कोणी करील. ती मी स्वीकारणार नाही. मराठीत नुक्त्याची रूढी नाही, मुलांना ते टिंब खडूचा ठिपका वाटेल, आणि एका ध्वनीसाठी नवे चिन्ह शिकवण्यापेक्षा ‘मेझरमधला झ’ असे शेजारी लिहिणे सोपे आहे.